सिएनाची मसाल्याची भाकर

गेल्या डिसेंबरच्या आरंभीं इयत्ता सातवीच्या वर्गास मीं 'आमच्या घरचा नाताळ' ह्या विषयावर निबंध लिहावयास दिला होता. वह्या तपासतां तपासतां एका मुलीची वही हातीं आली. तींत अवघीं दोनच वाक्यें होतीं : "यंदा आमच्या घरीं केक नाहीं. म्हणून नाताळ नाहीं." मुलगी वसतिगृहांत राहणारी, कंधारकडील एका लहान गांवची, शेतमजुराच्या घरची. अक्षर नीटनेटकें होतें, शुद्धलेखनाची चूकही नव्हती. पण त्या दोन वाक्यांस गुण किती द्यावे हें मला कळेना. वही बाजूस ठेवून मी पुष्कळ वेळ विचार करीत बसलें. नाताळ म्हणजे केक, आणि केक म्हणजे दुकानाच्या कांचेमागील पांढऱ्या मलईचा व गुलाबी फुलांचा, ही समजूत त्या एका मुलीची नव्हे. ती आतां आपल्यांतील पुष्कळांची झाली आहे. तिचें निरसन उपदेशानें होण्यासारखें नव्हतें, म्हणून मीं स्वयंपाकघराचा मार्ग धरिला. त्या मार्गानें जी एक जुनी इटालियन भाकर आमच्या वसतिगृहांत आली, तिची हकीकत व कृति वाचकांस सांगावी असा ह्या लेखाचा हेतु आहे.

इटली देशाच्या मध्यभागीं तोस्काना नांवाचा डोंगराळ प्रांत आहे. त्यांत सिएना हें तांबड्या विटांच्या इमारतींचें प्राचीन नगर वसलें आहे. उत्तरेकडील देशांतून रोमकडे पायीं जाणाऱ्या यात्रेकरूंचा जुना मार्ग ह्याच नगरांतून जात असे. तेथें नाताळाच्या सुमारास एक गोल, चपटी, वरून पिठीसाखर भुरभुरलेली मिठाई घरोघरीं दिसूं लागते. तिला 'पान्फोर्ते' म्हणतात. 'पाने' म्हणजे भाकर आणि 'फोर्ते' म्हणजे जोरदार. नांव भाकरीचें असलें तरी तींत पीठ फार थोडें. बदाम, साखरेच्या पाकांत मुरविलेलीं फळें, मध व मसाला हाच तिचा मुख्य भाग. उंची साधारण दोन बोटें. ती केकासारखी फुगत नाहीं, आणि तिनें फुगावें अशी कोणाची अपेक्षाही नसते.

ही भाकर फार जुनी आहे. सिएनाजवळील मोंतेचेल्सो येथें ख्रिस्ती भगिनींचा एक मठ होता. त्या मठास कुळांनीं मधाच्या व मिऱ्यांच्या भाकरी द्यावयाच्या, असा उल्लेख १२०५ सालच्या एका लेखांत आढळतो. येथें विचारी विद्यार्थ्याच्या मनांत एक प्रश्न उभा राहावा. तोस्कानांत मिरीं पिकत नाहींत. मग तीं त्या कुळांच्या भाकरींत आलीं कोठून? उत्तर असें कीं, तीं आपल्या मलबारांतून आलीं. मलबारच्या किनाऱ्यावरून व्यापाऱ्यांच्या गलबतांतून तांबड्या समुद्रापर्यंत, तेथून मिसर देशांतील आलेक्सांद्रिया बंदरास, आणि तेथून व्हेनिस वगैरे नगरांच्या जहाजांतून इटलीस, असा त्यांचा प्रवास होता. दालचिनी सिंहलद्वीपची आणि लवंग, जायफळ व जायपत्री त्याहूनही पूर्वेकडील बेटांची. तीं द्रव्येंही असाच लांबचा पल्ला गांठून येत. वास्को द गामा कालिकतास पोहोंचला तो १४९८ सालीं. म्हणजे त्याच्या जवळजवळ तीनशें वर्षें आधीं आपल्या देशचें मिरें सिएनाच्या भाकरींत पडलें होतें.

आपला हा मराठवाडा समुद्रापासून दूर असला तरी ह्या व्यापाराशीं अपरिचित नाहीं. लातूरच्या पश्चिमेस, धाराशिव जिल्ह्यांत, तेर नांवाचें गांव आहे. तेंच प्राचीन तगर. इसवी सनाच्या पहिल्या शतकांत ग्रीक भाषेंत लिहिलेल्या 'पेरिप्लस' नांवाच्या ग्रंथांत पैठण व तगर ह्या दोन नगरांचा उल्लेख असून, तेथून कापड वगैरे माल गाड्यांतून भडोचच्या बंदरास जात असे, असें सांगितलें आहे. तेर येथें रामलिंगप्पा लामतुरे ह्यांनीं आयुष्यभर जमविलेल्या प्राचीन वस्तूंचें शासकीय वस्तुसंग्रहालय आहे. रोमशीं चाललेल्या त्या व्यवहाराच्या खुणा तेथें आजही पाहावयास मिळतात. तेव्हां इटलीची मिठाई आमच्या पाटावर आली तर ती अगदींच परकी पाहुणी समजण्याचें कारण नाहीं.

मध्ययुगांत मसाले हे औषध म्हणून विकले जात. त्यामुळें सिएनांत ही भाकर हलवायापेक्षां औषधी द्रव्यें विकणाऱ्या दुकानदाराकडे तयार होई. आपल्याकडे डिंकाचे लाडू किंवा सुंठवडा हे जसे अर्धे खाद्य व अर्धें औषध, तसाच हा प्रकार. पुढें तिचे दोन भेद झाले. जुनी ती काळी. तींत पाकविलेलें खरबूज व मिरीं अधिक. १८७९ सालीं राणी मार्गेरीता सिएनास आली, तेव्हां तिच्या सन्मानार्थ मसाला सौम्य करून व वर पांढरी साखर पेरून दुसरी भाकर केली गेली. ती अद्याप राणीच्याच नांवानें विकली जाते. सिएनांत सतरा मोहल्ले आहेत, म्हणून भाकरींत जिन्नसही सतराच असावे, असें तेथील लोक कौतुकानें सांगतात. २०१३ सालीं युरोपीय संघानें ह्या नांवास भौगोलिक संरक्षण दिलें. त्यामुळें आपण येथें जी करूं तिला त्या नगराचें नांव लावून युरोपीय संघांत विकतां येणार नाहीं; करून खाण्यास व वाटण्यास मात्र कोणाची हरकत नाहीं.

आतां तिचा खरा गुण सांगतें. ही भाकर महिनोन्महिने टिकते. तींत अंडें, दूध, लोणी व खमीर ह्यांपैकीं कांहींच नसतें. मध व साखर आटवून केलेला पाक पदार्थांतील पाणी जणूं बांधून ठेवतो. जंतूंस व बुरशीस वाढण्यास जें मोकळें पाणी लागतें तें त्यांस मिळत नाहीं. मुरंबा टिकतो तो ह्याच कारणानें. तेव्हां 'केक' ह्या शब्दानें आपण जें समजतों त्यापेक्षां ही भाकर आपल्या गुडदाणीच्या अधिक जवळची आहे. फरक दोनच : हिच्या पाकांत थोडें पीठ व मसाला घालतात, आणि नंतर तिला मंद आंचेवर भाजतात.

एका वीतभर रुंदीच्या, म्हणजे सुमारें २० सेंटिमीटर व्यासाच्या, भाकरीस पुढील प्रमाण पुरतें : बदाम २५० ग्रॅम, पाकविलेल्या फळांच्या साली २०० ग्रॅम, मैदा १०० ग्रॅम, मध १५० ग्रॅम, साखर १५० ग्रॅम, दालचिनीची पूड व धण्यांची पूड प्रत्येकीं एक लहान चमचा, आणि लवंग, मिरें व जायपत्री ह्यांची पूड प्रत्येकीं पाव चमचा. धणे पाहून कोणी हसूं नये. सिएनाच्या मूळ भाकरींतही ते असतात.

बदाम अडीचशें ग्रॅम घेण्याचें सामर्थ्य प्रत्येक घरीं नसतें. वसतिगृहांत आम्हीं शेंगदाणे २०० ग्रॅम व काजूचा चुरा ५० ग्रॅम असें प्रमाण घेतलें. शेंगदाणे खमंग भाजून, सोलून, अर्धे करून घ्यावे. मध न मिळाल्यास लातूरच्या बाजारांतील चांगला गूळ २०० ग्रॅम व साखर १०० ग्रॅम घेऊन त्यांत पांच-सहा चमचे पाणी व लिंबाच्या रसाचे चार थेंब घालावे. ह्या थेंबांचें कार्य महत्त्वाचें आहे : आंबटपणामुळें साखरेचा कांहीं भाग मोडून निराळ्या दोन साखरा होतात आणि पाक पुन्हा दाणेदार होत नाहीं. मधांत ह्या दोन साखरा स्वभावतःच असतात, म्हणून मध घेतल्यास लिंबाची गरज नसते.

इटलींत ज्या फळाची साल मुरवितात तें महाळुंगाचेंच कुळ होय. आपल्याकडे महाळुंग क्वचित् मिळतें. पण मराठवाड्यांत मोसंब्यांस तोटा नाहीं, आणि मोसंबें खाऊन साल उकिरड्यावर टाकण्याची आपली रीत आहे. त्या साली धुऊन, बोटभर लांब चिरून, तीन वेळां नव्या पाण्यांत दहा-दहा मिनिटें उकळाव्या. म्हणजे कडूपणा जातो. नंतर सालींच्या वजनाइतकी साखर व त्या बुडतील इतकें पाणी घालून, साली पारदर्शक होईपर्यंत मंद शिजवाव्या व चाळणीवर सुकवाव्या. तीन पाणीं फेकावयाचीं हें वाचून लातूरचे वाचक कपाळास आठ्या घालतील. २०१६ च्या उन्हाळ्यांत ज्या नगरास मिरजेहून आगगाडीनें पाणी आणावें लागलें, त्या नगरच्या मनुष्याचा हा आक्षेप रास्तच आहे. म्हणून आम्ही तीं पाणीं फेकलीं नाहींत. निववून त्यांतच भांडीं विसळलीं. खरबुजाच्या जागीं कोहळ्याचा पेठा बारीक चिरून घातल्यास उत्तम. साली व पेठा मिळून वजन दोनशें ग्रॅम असावें.

सुका मेवा, साली, मैदा व मसाला परातींत एकत्र कालवून आधींच तयार ठेवावा. मग जाड बुडाच्या पातेल्यांत साखर व मध मंद आंचेवर चढवावा. ह्या पाकावर सर्व कांहीं अवलंबून आहे. एकतारी पाक झाल्यावर थांबल्यास भाकर चिकट व लिबलिबीत राहील. कडक पाक होऊं दिल्यास ती दगड होईल. हवा तो गोळीबंद पाक. वाटींत थंड पाणी घेऊन पाकाचा एक थेंब त्यांत सोडावा; बोटांनीं गोळा केला असतां त्याची मऊ गोळी वळली, म्हणजे पाक झाला. उष्णतामापक यंत्र असेल तर पारा सुमारें ११५ अंशांवर दिसेल. परंतु लातूर समुद्रसपाटीपासून सुमारें दोन हजार फूट उंच असल्यानें तेथें पाणी शंभराच्या किंचित् खालींच उकळतें, आणि पाकाचा अंशही तितकाच खालीं येतो. थंड पाण्यांतील गोळी मात्र नांदेडास व लातुरास सारखाच न्याय देते. आपल्या आजी यंत्रावांचून पाक ओळखीत, त्या कांहीं कमी शास्त्रशुद्ध नव्हत्या.

पाक होतांच पातेलें उतरवून तो परातींतील मेव्यावर ओतावा व लांकडी उलथन्यानें भराभर कालवावा. येथें विलंब चालत नाहीं. दोन मिनिटांत मिश्रण ताठर होऊं लागतें. इटलींत डब्याच्या तळाशीं प्रभुभोजनांत वापरतात तशी पातळ बेखमीर पापडी घालतात. आपण तूप लावलेला कागद घालावा. मिश्रण डब्यांत घालून ओल्या हातानें सपाट दाबावें.

भाजण्याची आंच सौम्य हवी : १५० अंशांवर पस्तीस ते चाळीस मिनिटें. विजेची भट्टी नसल्यास जाड पातेल्याच्या तळाशीं दोन बोटें वाळू पसरून तिवईवर डबा ठेवावा, झांकण लावावें, व पातेलें आधीं पंधरा मिनिटें तापवून मग मंद आंच राखावी. कडा घट्ट झाल्या व मध्यभाग अद्याप मऊ लागला, म्हणजे उतरवावें. हा मऊपणा पाहून पुष्कळजण आणखी भाजावयास ठेवितात. ती चूक होय. भाकर घट्ट होते ती थंड झाल्यावर. पूर्ण निवाल्यावर कागद सोडवून वर पिठीसाखर गाळावी आणि धारदार सुरीनें पातळ फांका कराव्या. एका भाकरीच्या तीस फांका सहज होतात.

ह्या चुका मला ठाऊक आहेत, कारण त्या सर्व मीं केल्या आहेत. पहिल्या खेपेस वर्गाच्या वह्या तपासण्याच्या नादांत पाक कडक झाला. ती भाकर अखेर खलबत्त्यांत घालून फोडावी लागली, आणि वसतिगृहाच्या मुलींनीं ती आठवडाभर खडीसाखरेसारखी चघळली. दुसऱ्या खेपेस आंच मोठी ठेविली, तेव्हां कडेचा मध करपून कडू झाला. तिसऱ्या खेपेस मात्र पाकाजवळून मी क्षणभरही हललें नाहीं.

पाकाजवळ उभी असतांना मला माझ्या आईची आठवण झाली. माझें बालपण लातुरांत गेलें. दर नाताळास आई केकाचे डबे फडक्यांत बांधून गल्लीच्या टोंकावरील बेकरींत नेई. पाव काढून झाल्यावर भट्टीची जी उतरती ऊब राही, तींत ते भाजले जात. १९९३ सालीं मी इयत्ता आठवींत होतें. त्या वर्षीं ३० सप्टेंबरच्या पहाटे, चार वाजण्याच्या सुमारास, भूकंप झाला. किल्लारी, सास्तूर व आसपासचीं अनेक गांवें क्षणांत मातीचे ढीग झालीं; हजारों माणसें झोपेंतच गेलीं. आमचें घर उभें राहिलें. डिसेंबर आला, तेव्हां केकासाठीं राखून ठेविलेल्या पैशांचे आईनें शेंगदाणे व गूळ आणिले आणि दोन दिवस बसून गुडदाणी केली. मंडळींतील माणसें पत्र्याच्या शेडांत राहणाऱ्या लोकांकडे जाणार होतीं, त्यांच्याबरोबर ती सर्व पाठविली. मी रुसून विचारलें, "मग आपल्याला केक ?" ती पाकावरची नजर न काढतां म्हणाली, "केक चार दिवसांत शिळा होतो ग. त्या माणसांना आज खावंसं वाटेल कीं महिन्यानं, कोणास ठाऊक ? हें टिकेल." त्या वर्षीं आमच्या घरीं केक नव्हता, पण नाताळ नव्हता असें मला आजही म्हणवत नाहीं. मठाला मधाच्या व मिऱ्यांच्या भाकरी नेऊन देणाऱ्या त्या कुळांविषयीं पुढें वाचलें, तेव्हां मला आईची ती परात दिसली. टिकणारा पदार्थ बहुधा दुसऱ्याला देण्यासाठींच केला जातो.

नाताळाच्या सुट्टीपूर्वीं आम्हीं वसतिगृहाच्या स्वयंपाकघरांत अशा सहा भाकरी केल्या. शेंगदाणे सोलण्यास सातवीचा सबंध वर्ग बसला होता. पाकाची गोळी पाहण्याचें काम मीं त्याच मुलीकडे दिलें, आणि तिनें तें मोठ्या गंभीरपणें केलें. प्रत्येक मुलीस घरीं नेण्यासाठीं पांच फांका कागदांत बांधून दिल्या.

सुट्टीनंतर शाळा उघडली, तेव्हां ती मुलगी वह्यांचा गठ्ठा घेऊन माझ्याकडे आली. मीं विचारलें, "काय ग, भाकर आवडली का घरीं ?" ती म्हणाली, "हो बाई. आम्ही एक एक खाल्ली, आणि एक शेजारच्या आजींना दिली. आई म्हणाली, ही तर आपल्या गुडदाणीची परदेशीं दिलेली बहीण !" आठशें वर्षांच्या इतिहासाचें जें विवेचन मला इतकीं पानें भरून करावें लागलें, तें त्या माउलीनें एका वाक्यांत केलें.

त्या निबंधास मीं गुण दिलेच नाहींत. तो पुन्हा लिहून आणण्यास सांगितलें. दुसऱ्या वेळीं तो दीड पानांचा झाला. त्यांत पाकाची कृति होती, शेजारच्या आजी होत्या, आणि केक हा शब्द एकदांही नव्हता. ज्या विद्यार्थ्यांस यंदा ही भाकर करावयाची असेल, त्यांनीं ती नाताळाच्या पंधरा दिवस आधीं करून डब्यांत ठेवावी. मसाला मुरून चव वाढते. फांका मात्र पातळ कराव्या, म्हणजे त्या अधिक घरांस पुरतात.